अली रे, उभ्यानं मर : एका अल्जीरियन नटाचा चित्रपट मराठीत आणताना

आमच्या फिल्म सोसायटीने अल्जीरियाच्या चित्रपटांचे छोटे सत्र करायचे ठरवले, तेव्हा माझ्या वाट्याला दोन कामे आली. अहमद राशदी यांच्या ‘अफू आणि काठी’ या चित्रपटाची मराठी सबटायटल्स तयार करायची आणि त्यात अलीची भूमिका करणारे रंगभूमी व चित्रपटातील नट सिद अली कुइरात यांच्यावर प्रेक्षकांना वाटण्यासाठी चार पानांचे टिपण लिहायचे. मी पोटापाण्यासाठी फ्रेंचमधून यंत्रसामग्रीच्या माहितीपुस्तिकांचा अनुवाद करते. त्यामुळे सबटायटल्सचे काम तीन आठवड्यांत हातावेगळे होईल, असे मी कबूल करून बसले होते. प्रत्यक्षात चार महिने लागले आणि त्यातले जवळजवळ दीड महिना मी एकाच ओळीशी झगडत होते. त्या ओळीचा माग काढताना या नटाचे आयुष्य हळूहळू माझ्यापुढे उलगडत गेले, म्हणून दोन्ही कामांची हकीकत एकत्रच सांगते.

सुरुवात नावापासून झाली. फ्रेंच अक्षरांत लिहिलेले त्यांचे आडनाव मी फ्रेंच उच्चाराप्रमाणे ‘कुइरे’ असे वाचत होते आणि टिपणाच्या पहिल्या मसुद्यात तसेच लिहिलेही होते. नंतर अरबी लिपीतील श्रेयनामावली नीट पाहिली, तेव्हा शेवटच्या अक्षराआधी स्पष्ट अलिफ, म्हणजे ‘आ’चे अक्षर, दिसला. म्हणजे उच्चार ‘कुइरात’. ज्या माणसाने आपली उमेदीची वर्षे फ्रेंच सत्तेविरुद्धच्या लढ्याला दिली, त्याचे नाव फ्रेंच जिभेने उच्चारून मराठीत आणणे मला बरोबर वाटेना. मग सगळीच नावे मी अरबी लेखनाशी ताडून पुन्हा लिहिली. त्यात आठवडा गेला, पण तो सत्कारणी लागला.

सिद अली कुइरात यांचा जन्म ३ जानेवारी १९३३ रोजी अल्जीयर्समध्ये झाला. ते तरुण असताना अल्जीयर्समधील अरबी रंगभूमी कशी चालत होती, हे समजून घेतल्याशिवाय त्यांची वाटचाल कळत नाही. शहराच्या मध्यावरचे भव्य ऑपेरागृह फ्रेंचांनी १८५३ मध्ये बांधले ते स्वतःसाठी; अरबी नाटकांना तिथे १९४७ पासून हंगामापुरती जागा मिळू लागली आणि त्या हंगामाची जबाबदारी महिएद्दीन बाशतार्झी या गायक-नटाकडे होती. नाटके बोलीत होत, शास्त्रीय अरबीत नव्हेत, कारण तिकीट काढून येणारा माणूस गोदीत, बाजारात आणि घरी बोलीच बोलत होता. याच काळात मुस्तफा कातेब यांच्या मंडळीत कुइरात दाखल झाले आणि घडले ते त्यांच्याच हाताखाली.

१ नोव्हेंबर १९५४ रोजी स्वातंत्र्ययुद्ध सुरू झाले. १९५८ मध्ये हा लढा चालवणाऱ्या राष्ट्रीय मुक्ती आघाडीने शेजारच्या ट्यूनिशियाच्या राजधानीत, ट्यूनिसमध्ये, स्वतःचे कलापथक उभारले. त्याच वर्षी फ्रान्समधील क्लबांतून खेळणाऱ्या अल्जीरियन फुटबॉलपटूंनी गुपचूप देश सोडून आघाडीचा संघ बांधला होता. नट, गायक आणि वादक यांचे हे पथक त्याच धोरणाचा भाग होते. पथकाचे नेतृत्व मुस्तफा कातेब यांच्याकडे होते आणि कुइरात त्यात होते. ट्यूनिशिया, लिबिया, युगोस्लाव्हिया, सोव्हिएत संघ, चीन अशा देशांत जाऊन या पथकाने अल्जीरियाची बाजू रंगमंचावरून मांडली. अब्देलहलीम राईस यांचे ‘कसबाची मुले’ हे त्यांचे गाजलेले नाटक. अल्जीयर्सच्या जुन्या वस्तीतले एक कुटुंब आणि त्यातले एकमेकांना न सांगता लढ्यात ओढले गेलेले भाऊ, असा त्याचा विषय आहे. आपल्या घरापासून, आपल्या गल्लीपासून दूर परक्या देशात उभे राहून रोज रात्री तीच गल्ली रंगमंचावर जगायची, हे त्या नटांना कसे जमले असेल, या विचाराने टिपण लिहिताना माझे हात अनेकदा थांबले. आपल्याकडे शाहिरांनी डफावर थाप मारून गावेच्या गावे उभी केली, हे आपण ऐकत आलो आहोत; पण ते शाहीर आपल्या माणसांपुढे गात होते. ही माणसे भाषाही न कळणाऱ्या प्रेक्षकांपुढे उभी होती.

जुलै १९६२ मध्ये देश स्वतंत्र झाला आणि जानेवारी १९६३ मध्ये नाट्यगृहांचे राष्ट्रीयीकरण झाले. तेच जुने ऑपेरागृह आता अल्जीरियाचे राष्ट्रीय नाट्यगृह झाले आणि पथकातली बरीचशी मंडळी तिथे रुजू झाली. कुइरातही त्यांच्यात होते. ‘कसबाची मुले’ १९६३ मध्ये पडद्यावरही आले. इथून पुढे त्यांचे आयुष्य रंगमंच आणि कॅमेरा यांच्यात वाटले गेले. दिग्दर्शक लखदर-हमीना यांच्या १९७३ सालच्या ‘डिसेंबर’ या चित्रपटामध्ये छळ सोसणारा कैदी, त्याच दिग्दर्शकाच्या १९७५ मध्ये कान महोत्सवात सर्वोच्च पारितोषिक मिळवणाऱ्या चित्रपटातली भूमिका, १९७६ मध्ये इजिप्तच्या युसेफ शाहीन यांच्याबरोबरचे काम, हे सगळे टिपणात थोडक्यात आले. थोडक्यातच यायला हवे होते, कारण अल्जीरियात हा नट ओळखला जातो तो एका प्रसंगाने, आणि तो प्रसंग ‘अफू आणि काठी’त आहे.

चित्रपट मुलूद मामेरी यांच्या १९६५ सालच्या कादंबरीवर आधारलेला आहे. नावातली अफू म्हणजे गोड बोलून गुंगवणे आणि काठी म्हणजे काठीच. काबील या स्वतःची वेगळी भाषा असलेल्या लोकांच्या डोंगरातल्या एका खेड्यात फ्रेंच सैन्य ही दोन्ही हत्यारे वापरते. शहरातून गावी परतलेला डॉक्टर बशीर झाले आहेत खुद्द मुस्तफा कातेब. त्याचा डोंगरात लढणारा भाऊ अली म्हणजे कुइरात. आणि सैन्याला फितूर झालेला तय्येब साकारला आहे रुईशेद यांनी. रुईशेद हे अल्जीरियाचे लाडके विनोदी नट. ज्याच्या नुसत्या चालण्यावर लोक हसत, त्याला गावाचा वैरी करण्यात दिग्दर्शकाची जाण दिसते, असे मला वाटते. फितुरी करणारा माणूस बाहेरून येत नाही, तो ओळखीच्या चेहऱ्याचाच असतो.

अनुवादात पहिली अडचण आली ती लढणाऱ्यांना काय म्हणायचे याची. फ्रेंच अधिकारी त्यांना ‘फेलागा’ म्हणतात, म्हणजे वाटमारे, दरोडेखोर. गावकरी ‘मुजाहिद’ म्हणतात. हा दुसरा शब्द मराठी वाचकाला ओळखीचा आहे, पण गेल्या चाळीस वर्षांतल्या बातम्यांमुळे त्याच्यासमोर दुसराच देश आणि दुसरेच युद्ध उभे राहते. मी गावकऱ्यांच्या तोंडी ‘क्रांतिकारक’ घातले आणि अधिकाऱ्यांच्या तोंडी ‘दरोडेखोर’. एकाच माणसाला दोन बाजूंनी हाक मारल्यावर पडणारा फरक त्यामुळे टिकला. आणखी एक गोष्ट मनाला लागून राहिली. गाव काबील आहे, माणसे काबील आहेत, पण चित्रपटात ती अरबी बोलतात. मामेरी यांनी काबील भाषेसाठी आयुष्य वेचले होते. माझ्या मराठीत हा सल उतरवण्याची काहीच सोय नव्हती, म्हणून तो टिपणात लिहिला.

आता ती ओळ. पकडलेल्या अलीला साऱ्या गावादेखत मारायला आणतात, तेव्हा त्याला उद्देशून हाक येते : ‘अली, मूत वाकेफ!’ शब्दशः अर्थ, अली, उभा असतानाच मर. अल्जीरियात ही ओळ म्हणीसारखी झाली आहे, आणि कुइरात गेले तेव्हाच्या बातम्यांतही त्यांची आठवण हीच ओळ देऊन काढली गेली. ती मी प्रथम ऐकली आणि माझ्या पोटात गोळा आला. ‘मूत’ हा उच्चार मराठी प्रेक्षागृहात ऐकू आला तर काय होईल, हे मला वेगळे सांगायला नको होते. सत्राला महाविद्यालयातली मुले येणार होती. एक माणूस मरणाच्या दारात उभा आहे आणि मागच्या रांगेत खसखस पिकली आहे, हे चित्र मला झोपू देईना. आवाज बंद करण्याचा प्रश्नच नव्हता; तो आवाज म्हणजेच तो प्रसंग आहे.

दुसरी अडचण अर्थाची. ‘मर’ हा आज्ञार्थ मराठीत शिवीच्या वाटेने जातो. ‘मर मेल्या’ हे आपण सहज बोलून जातो. ‘अली, उभ्यानं मर’ असे नुसते लिहिले की हाक मारणारा त्याच्यावर चिडला आहे असे वाटे. ‘ताठ मानेने मरण पत्कर’ हे भाषणासारखे झाले, आणि त्यात मान आली, पाय गेले; मूळ शब्द पायांवर उभे राहण्याचाच आहे. ‘मोडशील पण वाकू नकोस’ हे तयार होते, मराठीही होते, पण ते ऐकले की मनात आपल्याच पोथ्या उघडतात आणि अली बाजूला राहतो. शिवाय ‘वाकेफ’ आणि ‘वाक’ यांचा ध्वनी इतका जवळचा आणि अर्थ इतका उलटा, की कानाने ‘वाक’ ऐकायचे आणि डोळ्यांनी ‘वाकू नकोस’ वाचायचे, असा गोंधळ झाला असता.

मग मी शब्दांच्या मुळाशी गेले आणि तिथे मला धीर मिळाला. ‘मूत’ ज्या धातूपासून आला, त्यातूनच आपला ‘मौत’ आणि पंचनाम्यातला ‘मयत’ आला आहे. ‘वाकेफ’च्या धातूपासून ‘वक्फ’ आला, ‘वाकिफ’ आला आणि ‘वाकबगार’ही आला. म्हणजे ओळीतला एकही शब्द मराठीला परका नव्हता, फक्त अंगावर वेगळे कपडे होते. टिपणात मी हे सविस्तर लिहिले आणि चित्रपटापूर्वी दोन मिनिटे बोलायची परवानगी सोसायटीकडे मागून घेतली.

अर्थाचा गुंता सोडवला तो माझ्या आत्याने. तिला चित्रपट ठाऊक नव्हता. मी प्रसंग सांगितला आणि विचारले, “आत्या, गावातल्या बायामाणसांदेखत पोराला मारायला नेताहेत, आणि त्याला सांगायचंय की पडू नकोस, उभाच राहा, तर तू कशी हाक मारशील?” ती बराच वेळ हातातल्या शेंगा सोलत राहिली आणि म्हणाली, “अगं, आपलाच पोरगा ना तो? मग ‘अली रे’ म्हण की.” एवढेच. ‘अली रे, उभ्यानं मर.’ त्या एका ‘रे’ने शिवीचा आशीर्वाद झाला. प्रमाण भाषेप्रमाणे ‘उभ्याने’ लिहावे असा आग्रह आमच्या मुद्रितशोधकांनी धरला होता. बाकी सगळीकडे मी त्यांचे ऐकले, इथे मात्र अनुस्वार ठेवला, कारण ही हाक आहे आणि हाक ‘उभ्याने’ अशी निघत नाही.

ओळ ठरल्यावर वेळ ठरवायची होती. आम्ही एका वेळी दोनच ओळी आणि एका ओळीत साधारण पस्तीस अक्षरे, असा दंडक पाळला होता, आणि मजकूर आवाजाबरोबर पडद्यावर यावा असा नियम होता. या ओळीपुरता मी तो मोडला आणि मजकूर आवाजाच्या अर्धा सेकंद आधी आणला. डोळ्यांनी अर्थ घेतलेला असला की कान चुकीच्या वाटेला जात नाही, असा माझा अंदाज होता. तालमीच्या दिवशी वेगळेच संकट उभे राहिले. प्रेक्षागृहातल्या संगणकावर आमची फाइल उघडली तेव्हा जोडाक्षरे फुटली, वेलांट्या अक्षरांच्या पुढे सरकल्या आणि ‘उभ्यानं’चे ‘उभ्‌यानं’ झाले. दुसरा फाँट घालून पाहिला, तोही चालेना. शेवटी आमच्यातल्या एका तरुण सभासदाने रात्रभर बसून सगळी सबटायटल्स चित्रातच कायमची उमटवून नवी प्रत काढली. पहाटे मी ती सुरुवातीपासून शेवटपर्यंत पाहिली, एक एक वेलांटी तपासत.

प्रयोगाआधी मी बोलायला उभी राहिले. कुइरात यांचे नाव सांगितले, ट्यूनिसचे पथक सांगितले, ५ एप्रिल २०१५ रोजी ८२ व्या वर्षी ते गेले हे सांगितले, आणि मग ती मूळ ओळ मोठ्याने उच्चारली. पुढच्या दोन रांगांत कुजबुज झाली. मी ‘मयत’ आणि ‘मौत’ सांगितले, ओळ पुन्हा उच्चारली, आणि खाली बसले.

प्रसंग आला तेव्हा मी पडद्याकडे पाहिलेच नाही, मागे वळून प्रेक्षकांकडे पाहिले. पांढऱ्या अक्षरांचा उजेड त्यांच्या चेहऱ्यांवर पडला, मग आवाज आला. कोणी हलले नाही. तिसऱ्या रांगेत एका मुलाने टेकलेली पाठ सरळ केली आणि चित्रपट संपेपर्यंत तो तसाच बसून राहिला.

फाइल आता सोसायटीच्या कपाटात आहे. दुसऱ्या गावातल्या मंडळींनी ती मागितली आहे, आणि त्यांना हवे ते बदल करायला आमची हरकत नाही. सोबतच्या कागदावर मी एवढेच लिहून दिले आहे की नाव ‘कुइरात’ असेच ठेवावे, आणि अलीला हाक मारतानाचा ‘रे’ काढू नये.