तुम्ही विचारलंत म्हणून : लुईस अल्बर्नी कोण?

जुन्या हॉलिवूडमधला आवडता नट कोण, असं कुणी विचारलं की मी लुईस अल्बर्नीचं नाव घेतो. लगेच पुढचा प्रश्न येतो, "हा कोण?" इतक्या जणांनी विचारलंय, की आता नीट लिहूनच टाकतो.

अल्बर्नी बार्सिलोनाचा, जन्म १८८६चा. तरुणपणी अमेरिकेत गेला, न्यूयॉर्कच्या रंगभूमीवर वावरला आणि चित्रपट बोलू लागले तेव्हा हॉलिवूडमध्ये रुळला. नायक तो कधीच नव्हता. पाच-दहा मिनिटांची कामं करणारा चरित्र अभिनेता.

मूकपटात नटाच्या बोलण्याला कोणता हेल आहे, याच्याशी कुणालाच देणंघेणं नव्हतं. माद्रिदचा अँटोनियो मोरेनो १९२६ साली ग्रेटा गार्बोचा नायक होता, १९२७ साली क्लारा बोचा. आवाज आला आणि त्याचं नायकपण ओसरत गेलं. मेक्सिकोत जाऊन त्याने 'सांता' हा तिथला सुरुवातीचा बोलपट दिग्दर्शित केला, पण हॉलिवूडमध्ये पुढे दुय्यम भूमिकाच वाट्याला आल्या. ज्या हेलाने मोरेनोचं नुकसान केलं, त्याच हेलावर अल्बर्नीचं पोट चाललं. स्टुडिओंना 'परदेशी माणूस' ऐकू येईल असा हवा होता. कुठल्या देशाचा, याची फार फिकीर नव्हती. म्हणून बार्सिलोनाचा हा माणूस बहुतेक वेळा इटालियन झाला, कधी रशियन, कधी फ्रेंच.

१९३१ साली तेव्हाचा गाजलेला नट जॉन बॅरिमोर याच्याबरोबर त्याने दोन चित्रपट केले. 'स्वेंगाली'त तो गेको हा व्हायोलिनवादक आहे. 'द मॅड जीनियस'मध्ये मात्र तो अंगावर काटा आणतो. बॅले मंडळीतला, अमली पदार्थांच्या आहारी गेलेला माणूस. आणि त्या पदार्थांची पुडी मंडळीच्या मालकाच्या, म्हणजे बॅरिमोरच्या हातात. मालकाकडे याचना करतानाचे त्याचे डोळे मला विसरता येत नाहीत. १९३४नंतर सेन्सॉरचे नियम कडक झाले, तेव्हा अशी भूमिका पडद्यावर येणंच अवघड झालं.

पुढे विनोदी कामं जास्त मिळाली. त्यातलं सर्वांत सुंदर काम १९३७च्या 'ईझी लिव्हिंग'मधलं. प्रेस्टन स्टर्जेसची पटकथा. अल्बर्नी आहे लुई लुई, आचाऱ्याचा हॉटेलमालक झालेला माणूस. हॉटेल टोलेजंग, पण गिऱ्हाईक नाही आणि डोक्यावर एका बड्या सावकाराचं कर्ज. एक साधी नोकरदार मुलगी त्या सावकाराची खास मैत्रीण आहे असा त्याचा गैरसमज होतो आणि तो तिला आपल्या हॉटेलातल्या सर्वांत आलिशान खोल्यांमध्ये आणून ठेवतो. हेतू एवढाच, की जप्ती टळावी. संवाद मोडक्यातोडक्या इंग्रजीत आहेत, पण अल्बर्नी त्या मोडकेपणाला हसत नाही. लुई घाईत आहे, घाबरलेला आहे आणि शब्द त्याच्या मनाच्या वेगाने येत नाहीत, एवढंच तो दाखवतो. आपण हसतो आणि त्याच वेळी हे हॉटेल वाचावं असंही आपल्याला वाटतं.

तो मला इतका जवळचा का, हेही सांगतो. मी वऱ्हाडातला. शिकायला पुण्यात आलो आणि एका हौशी नाट्यसंस्थेत जाऊ लागलो. तिथे तीन वर्षं मला फक्त गडी, रखवालदार आणि गावाकडून आलेला मामा मिळाला. "तुझ्या बोलण्याला शोभतं," असं सांगत. मी चिडून ते काम अर्धवट मनाने करायचो. पुढे एका फिल्म सोसायटीत 'ईझी लिव्हिंग' पाहिला आणि लक्षात आलं, की या माणसाने तसल्याच कामात जीव ओतला आहे. त्या रात्री चालत घरी गेलो. पुढचा गडी मी मनापासून केला, त्याला गाव दिलं, घर दिलं.

अल्बर्नी १९६२च्या डिसेंबरात गेला. त्याआधी, १९४१ साली, 'दॅट हॅमिल्टन वुमन'मध्ये व्हिव्हियन ली आणि लॉरेन्स ऑलिव्हिए यांच्यासोबत तो नेपल्सचा राजा झाला होता. पुन्हा इटलीच. पण हा राजा फर्डिनंड जन्माने नेपल्सचा असला, तरी स्पेनच्या राजाचा, तिसऱ्या कार्लोसचा मुलगा होता. या भूमिकेत अल्बर्नीच्या बोलण्यातला स्पेन त्या पात्राचाही होता.