ओक आधी जमिनीखाली वाढतो

ओकचे झाड किती वेगाने वाढते, असे विचारले की बहुधा एकच आकडा ऐकायला मिळतो: वर्षाला ३० ते ६० सेंटिमीटर. हा आकडा चुकीचा नाही, पण ओकच्या सुमारे ५०० प्रजातींना तो एकाच मापाने मोजतो आणि त्याहून महत्त्वाचे म्हणजे केवळ जमिनीवर दिसते तेवढ्याचीच नोंद घेतो.

पांढऱ्या ओकचे फळ शरद ऋतूत गळून पडते आणि त्याच ऋतूत रुजते. पण कोंब वर येण्यासाठी वसंताची वाट पाहावी लागते, कारण तोवर बीजातील साठा सोटमुळाला खोल नेण्यात खर्च होत असतो. पहिल्या वर्षाअखेरीस रोप जेमतेम वीतभर दिसते, मूळ मात्र त्याहून बरेच खोल गेलेले असते. दाट सावलीत, आगीत किंवा हरणांच्या तोंडी सापडून शेंडा गेला, तरी त्या मुळापासून नवा फुटवा येतो आणि असे अनेकदा घडू शकते. त्यामुळे जंगलात गुडघ्याएवढ्या दिसणाऱ्या ओकच्या रोपाला कोवळे म्हणताना मी आता थबकतो, कारण त्याचे मूळ कित्येक वर्षांचे असू शकते.

पुरेसा प्रकाश मिळाला की उंची भराभर वाढते. तांबडा ओक यात पुढे असतो, तर पांढरा ओक संथ. मोकळ्यावर वाढलेल्या झाडाच्या खोडाचा घेर वर्षाला साधारण अडीच सेंटिमीटरने वाढतो असा एक ढोबळ हिशेब आहे, म्हणजे तीन मीटर घेराचे झाड सव्वाशे वर्षांच्या आसपासचे असावे. दाट जंगलात हा वेग जवळपास निम्मा होतो.

संथ वाढलेले लाकूड अधिक मजबूत, हा समज ओकच्या बाबतीत उलटा ठरतो. वसंतात पालवी फुटण्याच्या सुमारास झाड पाणी वाहून नेण्यासाठी रुंद नलिकांचा एक थर तयार करते. या सच्छिद्र थराची जाडी दरवर्षी फारशी बदलत नाही आणि उन्हाळ्यात त्याबाहेर जे घट्ट लाकूड भरते, तेच चांगल्या वर्षी वाढते. म्हणून रुंद वलयांचे, भराभर वाढलेले ओकचे लाकूड जड व टणक असते, तर अरुंद वलयांचे हलके आणि कोरीव कामाला सोपे असते.

परिपक्वतेचे वय कोणत्या दृष्टीने पाहायचे, यावर ठरते. युरोपातला ओक साधारण ४० वर्षांचा झाल्यावर फळे देऊ लागतो, पण भरघोस बहर त्याला ८० वर्षांनंतर येतो आणि तोही दरवर्षी नाही. बुचाच्या ओकची पहिली साल सुमारे २५ वर्षांनी काढतात, पुढे किमान नऊ वर्षांच्या अंतराने, आणि बाटलीच्या बुचाला योग्य अशी साल तिसऱ्या खेपेलाच, म्हणजे झाड चाळिशी ओलांडल्यावर मिळते. जहाजबांधणीचा हिशेब तर याहून लांबचा होता. स्वीडनने १८३० च्या दशकात विसिंग्सो बेटावर आरमारासाठी ओकची लागवड केली. ते लाकूड तयार असल्याचा निरोप आरमाराला १९७५ मध्ये मिळाला, तेव्हा युद्धनौका पोलादाच्या होऊन कितीतरी दशके लोटली होती.