तुम्ही विचारलंत म्हणून: आधी आतलं लागू द्या

तुरुंगाच्या नोकरीतून निवृत्त झाल्यापासून एक प्रश्न मला वारंवार विचारला जातो: "तुमच्यासारख्या अधिकाऱ्यांनाही फाटकावर थांबवून झडती घेत, हे जरा अति नाही का?" तुम्ही विचारलेत म्हणून सांगतो, ते अति नाही.

मध्यवर्ती कारागृहाच्या प्रवेशद्वाराला एकामागे एक असे दोन दरवाजे असतात आणि ते एकाच वेळी उघडायचे नाहीत, हा आमचा पहिला धडा. बाहेरच्या दरवाजाच्या दिंडीतून, म्हणजे त्यातल्या छोट्या दारातून, माणूस वाकून आत आला की मागे कडी पडते, नोंदवहीत नाव आणि वेळ लिहिली जाते, झडती होते आणि मगच आतले कुलूप निघते. १८९४ च्या कारागृह अधिनियमाने फाटकावरच्या रक्षकाला आत-बाहेर जाणारी प्रत्येक वस्तू तपासण्याचा आणि संशय आल्यास कोणाचीही झडती घेण्याचा अधिकार दिला. 'कोणाचीही' या शब्दात आम्ही अधिकारीही आलोच.

नोकरीच्या दुसऱ्या वर्षी, पावसाळ्यातल्या एका रात्री, एका अत्यवस्थ बंद्याला रुग्णालयात न्यायचे होते. रुग्णवाहिका दोन दरवाजांच्या मधोमध उभी होती, आतला दरवाजा अजून सताड उघडा होता आणि मी बाहेरचा उघडा म्हणून ओरडत होतो. फाटकावरचे वयस्कर हवालदार किल्ल्यांचा जुडगा छातीशी धरून एवढेच म्हणाले, "साहेब, आधी आतलं लागू द्या." कुलूप लागल्यावर त्यांनी ते दोनदा ओढून पाहिले, वाकून गाडीखाली बॅटरीचा झोत टाकला आणि मग बाहेरचा दरवाजा उघडला. या सगळ्याला जेमतेम एक मिनिट लागले. त्या वेळी मला त्यांचा संताप आला होता. पुढे नव्या शिपायांना शिकवताना मी त्यांचेच वाक्य वापरू लागलो.

अर्थात प्रत्येक बंद्याला एवढीच कडी हवी, असे मी मानत नाही. औंध संस्थानाने १९३९ साली आटपाडीजवळ वसवलेल्या स्वतंत्रपूर वसाहतीत शिक्षा भोगणारे बंदी कुटुंबासह राहून शेती करतात आणि तिथे त्यांना अडवणाऱ्या उंच भिंती नाहीत. कोणाला कुठे ठेवायचे, हे केवळ गुन्ह्याच्या कलमावरून न ठरवता त्या माणसाच्या आतल्या वागणुकीवरूनही ठरवले पाहिजे. आणि भेटीला आलेल्या म्हाताऱ्या आईला फाटकाबाहेर उन्हात ताटकळत ठेवणे, हा सुरक्षेचा भाग कधीच नव्हता. तिची झडती जरूर घ्यावी, पण तोवर तिला सावली आणि बसायला बाक मिळालाच पाहिजे.