आधी पाकीट दाखवा

औद्योगिक महामंडळानं दिलेला भूखंड रद्द झाला म्हणून माणूस वकील म्हणून माझ्यासमोर येऊन बसतो, तेव्हा त्याला सगळं पहिल्यापासून सांगायचं असतं. कर्ज कसं अडकलं, भागीदार कसा निसटला, जागेवर पाण्याची लाइनच कशी नव्हती. मी ऐकते, पण मध्येच थांबवून विचारते, नोटीस आली ते पाकीट कुठंय? बहुतेकांनी फेकलेलं असतं. पत्र जपतात, पाकीट नाही. आणि पत्ता, पोस्टाचा शिक्का, ‘दार बंद’ हा पोस्टमनचा शेरा, सगळं असतं पाकिटावर.

माझ्या एका पक्षकारानं ऑफिस हलवल्याचं महामंडळाला लेखी कळवलं होतं. आवक शिक्क्याची पोच जवळ होती. तरी कारणे दाखवा नोटीस गेली जुन्या पत्त्यावर, तशीच परत आली आणि पुढच्याच महिन्यात रद्दचा आदेश निघाला. माहिती अधिकारात फाइल पाहायला गेलो तर परतलेलं पाकीट टिपणीला टाचलेलं. उच्च न्यायालयात राज्यघटनेच्या कलम 226 खाली रिट याचिका केली आणि त्या पाकिटावरच आदेश रद्द झाला. पक्षकारानं पेढ्यांची भाषा सुरू केली. मी म्हटलं, थांबा, भूखंड नाही मिळाला, सुनावणी मिळालीय. हा फरक पचायला लोकांना फार वेळ लागतो.

दुसरा प्रश्न विचारते, तुमच्याकडे नक्की कुठला कागद आहे? पुष्कळ ठिकाणी आधी नुसता करार होतो, ताबा मिळतो आणि भाडेपट्टा बांधकाम पूर्ण झाल्यावरच नोंदवतात. माणूस मात्र पहिल्या दिवसापासून ‘माझा प्लॉट’ म्हणत असतो. भाडेपट्टा झाला असेल, तर 1882 च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्यातल्या कलम 114 चा आधार मागता येतो. थकलेलं भाडं व्याज आणि खर्चासह भरलं तर न्यायालय पट्टा वाचवू शकतं. ‘वाचवू शकतं’, वाचवेलच असं नाही. नुसता करार असेल, तर समोरचा वकील उठून एवढंच म्हणतो की हे परवानाधारक आहेत, म्हणजे जागा वापरायची नुसती परवानगी असलेले, पट्टेदार नव्हेतच. तिथून पुढची वाट चढाची.

खरं सांगायचं तर माझ्याकडे येणाऱ्यांतले निम्मे लोक मला मनातून पटत नाहीत. भूखंड उद्योगासाठी घेतलेला, पण उभं आहे फक्त तारेचं कुंपण; भाव वाढायची वाट बघणं चाललेलं. ‘तेरी ओट इस्टेट्स’ खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं भूखंड काढून घेणं हा शेवटचा उपाय म्हटलंय. ते वाक्य आम्ही सगळे वकील प्रत्येक रिटमध्ये घालतो, मीही घालते. पण मे 2025 चा जगदीशपूरचा निकाल वाचल्यापासून जरा जपून घालते. उत्तर प्रदेशातली 125 एकर औद्योगिक जमीन 2003 मध्ये एका न्यासाला मिळाली होती. पैसे थकले, नोटिसा गेल्या, 2007 मध्ये वाटप रद्द झालं. सर्वोच्च न्यायालयानं रद्द करणं कायम ठेवलंच, शिवाय मुळातलं वाटप पुरेशी छाननी न करता झालं म्हणून महामंडळालाही सुनावलं. वाद चालू असताना तीच जमीन दुसऱ्या कंपनीला दिली होती, तेही वाटप गेलं. सार्वजनिक जमीन म्हणजे विश्वस्त म्हणून सांभाळायची ठेव, हा त्यातला मुद्दा आता समोरची बाजू पहिल्याच तारखेला काढते.

दुसऱ्याला देण्याचा हा प्रकार फार छळतो. तुम्ही अपिलाचा विचार करत महिनोन्‌महिने घालवता, तोवर तिथं तिसऱ्याच माणसाचं वाटपपत्र निघालेलं असतं. मग त्याला प्रतिवादी करा, त्याचं म्हणणं ऐका, आणि त्या बिचाऱ्याची तर काहीच चूक नसते. म्हणून आदेश हातात पडला की आधी ‘जैसे थे’चा अर्ज, बाकीचं रडणं नंतर.

परवा आलेल्या गृहस्थांनी मात्र न मागता पाकीट पुढं केलं. न फोडलेलं. भीती वाटली म्हणून कपाटात ठेवलं होतं म्हणाले. मीच फोडलं. कारणे दाखवा नोटीस होती, उत्तराच्या मुदतीतले दोन दिवस उरले होते. दुपारच्या तारखेला सहकाऱ्याला पाठवलं आणि उत्तराचा मसुदा घ्यायला बसले.