बेडकांची रेकॉर्ड

माझ्याकडं एक रेकॉर्ड आहे, तिच्यावर बेडूक ओरडतात. दुसरं काही नाही. एका बाजूला बेडूक, उलटी केली की त्या बाजूलाही बेडूक, आणि मधे मधे एक गृहस्थ संथ आवाजात हा कुठला बेडूक ते सांगतात. पहिल्यांदा लावली तेव्हा मी सुई काढून पुसली, परत ठेवली. मग स्पीकरची वायर हलवून बघितली. बेडूकच होते.

1988 चा जून. कोल्हापुरात शाहूपुरीत माझं रेकॉर्डिंग सेंटर होतं. आताच्या पोरांना हा धंदा समजावून सांगावा लागतो. गिऱ्हाईक चिठ्ठीवर बारा-चौदा गाणी लिहून आणायचं, आम्ही ती रेकॉर्डवरून कोऱ्या कॅसेटवर भरून द्यायचो. दहा बाय आठचं दुकान, एक टर्नटेबल, दोन डबल डेक, हेड पुसायला स्पिरीटची बाटली आणि कापूस. रेकॉर्डी नव्या घेणं परवडायचं नाही, म्हणून भंगारवाल्यांना सांगून ठेवलेलं, तबकड्या दिसल्या की आधी माझ्याकडं आणायच्या. त्यातलाच एक जण जुन्या बंगल्यातलं सामान उचलून आला होता. कोल्हापूर-मिरजेकडं अमेरिकन मिशनऱ्यांचा वावर जुना, तसल्याच कुणाचं असणार. सहा रेकॉर्डींचे चाळीस रुपये दिले. पाच चर्चमधल्या गाण्यांच्या आणि सहावी ही.

तिचं कव्हरच वेगळं. आपल्याकडच्या कव्हरांसारखं गुळगुळीत, रंगीत नाही. काळ्या जाड पुठ्ठ्याचं, वहीच्या बांधणीला वापरतात तसल्या, आणि त्यावर छापील कागद डकवलेला. आत तबकडीच्या जोडीला एक पुस्तिका. रेकॉर्ड कुणी केली, कुठं केली, कुठला बेडूक कधी ओरडतो, सगळं बारीक टाइपात. माझं इंग्रजी मॅट्रिकचं. डिक्शनरी घेऊन आठवडाभर दुपारी तेच वाचत बसलो. चार्ल्स बोगर्ट नावाचे न्यूयॉर्कच्या म्युझियममधले शास्त्रज्ञ. पन्नासाहून जास्त जातींचे आवाज. साल 1958. कंपनी फोकवेज.

मला एकच प्रश्न पडला होता: हे विकत कोण घेतं? धंदेवाल्याला दुसरा काय प्रश्न पडणार?

उत्तर मिळायला पुढची वीस वर्षं गेली. इंटरनेट आलं, लेकीनं शोधायला शिकवलं, आणि तेव्हापासून मी या कंपनीच्या मागं आहे. कंपनी म्हणजे एक माणूस आणि एक बाई. मोझेस ॲश, जन्म 1905 चा, वॉर्साचा. वडील शोलेम ॲश म्हणजे यिडिश भाषेतले मोठे कादंबरीकार. पोरगा मात्र रेडिओच्या नादाला लागला. जर्मनीत जाऊन ते तंत्र शिकला आणि न्यूयॉर्कला लाउडस्पीकर, ॲम्प्लिफायर बनवायला लागला. म्हणजे आमच्याच जातकुळीतला, सोल्डरिंगच्या धुरातला. वडिलांबरोबर एकदा आइनस्टाइनच्या घरी यंत्र घेऊन त्यांचा आवाज भरायला गेला होता, आणि आवाज जपून ठेवायचं हे काम कर असं त्यांनीच सांगितलं, असं तो पुढं सांगायचा. आइनस्टाइन साक्षीला येणार नव्हते, पण गोष्ट झकास आहे.

1940 च्या सुमाराला त्यानं पहिलं लेबल, म्हणजे रेकॉर्डची कंपनी, काढलं. लेड बेली नावाच्या काळ्या गायकाची लहान मुलांची गाणी काढली. हा गायक खुनाच्या गुन्ह्यात तुरुंग बघून आलेला, त्याच्याकडून मुलांची गाणी! पेपरात गवगवा झाला, रेकॉर्ड चालली.

मग महायुद्ध आलं, आणि इथं आपला देश या गोष्टीत येतो. त्या काळच्या, मिनिटाला 78 फेरे घेणाऱ्या तबकड्या लाखेच्या. लाख जायची हिंदुस्थानातून, आणि बोटी अडल्या. 1942 मध्ये अमेरिकन सरकारनं रेकॉर्डसाठी लाख वापरण्यावर 70 टक्के कपात लावली. मोझेसकडं गायक होते, यंत्र होतं, लाख नव्हती. शेवटी ज्याच्याकडं लाखेचा कोटा होता अशा स्टिन्सन नावाच्या कंपनीशी भागीदारी करावी लागली. आपल्याकडं लाख म्हटलं की बांगड्या आठवतात, फार तर पार्सलवरचं सील. त्या लाखेवाचून तिकडं गाणी अडली होती, हे वाचल्यावर मी आमच्या हिला हाक मारून सांगितलं. ती म्हणाली, “बरं. दळण आणलंय का?”

लढाईतच, 1944 च्या एप्रिलमध्ये, वुडी गथ्री हा लोकगीतं म्हणणारा गायक त्याच्याकडं आला. बोटीवर नोकरीला होता, दोन फेऱ्यांच्या मधे सवड होती. जोडीदाराला घेऊन बसला आणि काही दिवसांत दीडशेच्या आसपास गाणी म्हणून गेला. त्यातलं एक पुढं अमेरिकेतल्या शाळाशाळांतून म्हटलं गेलं. त्या दिवशी कुणाला पत्ता होता? ॲशचं धोरण म्हणजे दार उघडं ठेवायचं आणि यंत्र चालू करायचं.

आणि हा माणूस बुडाला तो कसा, तर मोठ्या नावाच्या मागं लागून. डिस्क नावाचं दुसरं लेबल काढलं होतं. त्यावर नॅट किंग कोलची नाताळची रेकॉर्ड काढली, भरपूर पैसा घातला, आणि ऐन नाताळात बर्फाच्या वादळात माल अडकला अशी हकीकत सांगतात. नाताळ गेल्यावर नाताळची गाणी म्हणजे अनंत चतुर्दशीनंतरचे मखर. दिवाळं वाजलं. त्याला पुन्हा स्वतःच्या नावानं धंदा काढता येईना, म्हणून 1948 मध्ये फोकवेज उभी राहिली ती मॅरियन डिस्टलर या त्याच्या सहायक बाईंच्या नावानं. हा कागदोपत्री नुसता सल्लागार. कचेरी सांभाळायची, हिशेब ठेवायचे, सगळं बाईंनी केलं, 1964 ला वारल्या तोवर. गोष्टी सगळ्या मोझेसच्या सांगतात. धंद्यात नाव कुणाचं आणि गल्ल्यावर कोण बसतं, हे आपल्या पेठांत वेगळं सांगायला नको.

दिवाळ्यातून ॲश शहाणा झाला. हिट रेकॉर्डच्या वाटेला परत जायचं नाही. थोड्या प्रती काढायच्या, शेकड्यात. कव्हर एक-दोन रंगांतच छापायचं. रोनाल्ड क्लाइन या चित्रकारानं तेवढ्याच रंगांत पाचशेच्या वर कव्हरं अशी केली आहेत की बघत राहावं. माल द्यायचा शाळांना, लायब्ऱ्यांना. माझ्या प्रश्नाचं उत्तर हेच: बेडूक मास्तर विकत घेतात!

पण खरी गोष्ट पुढं आहे. एकदा काढलेली रेकॉर्ड तो यादीतून काढायचाच नाही. वर्षाला दोन-चार जाऊ देत, एकही जाऊ नये, यादीत राहणार. त्याचा युक्तिवाद असा की, एखादं अक्षर कमी लागतं म्हणून कुणी शब्दकोशातून काढून टाकतं का? बरोबर आहे. आपल्या वर्णमालेच्या तक्त्यावर ‘ऌ’ अजून बसून आहे, त्याला कुणी उठवलंय? चाळीसेक वर्षांत 2168 रेकॉर्डी, म्हणजे आठवड्याला एक धरा. त्यात आफ्रिकेतले ढोल आहेत, कवींचे आवाज आहेत, आगगाडीची इंजिनं आहेत, चक्क भंगारच्या अड्ड्यातले आवाज आहेत. सरकारच्या रोषामुळं टीव्हीवर येऊ न दिलेला पीट सीगर इथं गात राहिला. हॅरी स्मिथ नावाचा एक अवलिया स्वतःकडच्या जुन्या तबकड्या विकायला आला, तर त्यालाच बसवून 1952 मध्ये 84 गाण्यांचा संग्रह काढला. ती गाणी मुळात दुसऱ्याच कंपन्यांची होती. परवानगीचं काय? काही नाही. गायकांच्याही तक्रारी असायच्या की मानधनाचे पैसे हातात येत नाहीत. साधुसंत नव्हता तो. पण मी काय बोलणार? मी तर दुसऱ्यांची गाणी कॅसेटवर भरून संसार केला.

1986 मध्ये मोझेस गेला. पुढच्या वर्षी वॉशिंग्टनच्या स्मिथसोनियन या म्युझियमवाल्या संस्थेनं सगळं ताब्यात घेतलं, आणि अट अशी की 2168 पैकी एकही रेकॉर्ड बंद करायची नाही. पाळली त्यांनी. आजही कुठलीही मागा, मिळते. बेडूकसुद्धा.

आता माझ्या धंद्याचं सांगतो. त्यासाठीच एवढं लिहायला बसलो.

1986 ला आज्जी डोळ्याच्या ऑपरेशनला गारगोटीकडनं आमच्याकडं आली होती. नवा टेप आणला होता, म्हटलं, आज्जी, जात्यावरच्या ओव्या म्हण. तिला आठवेनात. जात्याशिवाय येत नाहीत म्हणाली, हात फिरायला लागतो. मग तिनंच परात मागितली, पालथी घातली, आणि तिच्यावर मूठ गोल फिरवत बसली. एक आली की पुढची आपोआप. बांगडी परातीवर घासल्याचा आवाज सगळ्या टेपभर होता. मला तो खटकला होता. म्हटलं, बांगड्या काढ, तर अंगावर आली.

सी-साठ कॅसेट. दोन्ही बाजू भरल्या. कॅसेटच्या पाठीवर दोन कोपऱ्यांत प्लास्टिकचे बारके तुकडे असतात. ते तोडले की टेपचं रेकॉर्डचं बटण दबत नाही, कॅसेट पुसली जात नाही. मी स्क्रू-ड्रायव्हरनं दोन्ही तोडले.

1988 चे गणपती. कोऱ्या कॅसेट संपल्या, मुंबईचा माल आला नाही, आणि पेठेतल्या मंडळाला संध्याकाळच्या आत गाणी भरून पाहिजेत. दुकानात माणसं उभी. मी खणातून आज्जीची कॅसेट काढली. तुकडे तोडल्यावर तिथं भोक पडतं. त्यावर चिकटपट्टी लावली की बटण परत दबतं, हे कॅसेटच्या धंद्यातल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक. दोन्ही भोकांवर चिकटपट्टी लावली. अंगठ्यानं नीट दाबून बसवली, तेवढं आठवतंय. मनात म्हटलं, आज्जी काय, परत म्हणेल.

आज्जी दिवाळीच्या आत गेली.

नंतर मंडळात जाऊन ती कॅसेट परत मागितली. पोरांनी ढिगातनं शोधून दिली, काय पाहिजे काका, घेऊन जावा. घरी येऊन दोन्ही बाजू शेवटपर्यंत ऐकल्या. कुठं अर्धा मिनिट तरी राहिलं असेल. नव्हतं. साठ मिनिटं गाणी ठासून भरली होती, मीच, गिऱ्हाइकाला मोकळी फीत आवडत नाही म्हणून. बेडकांच्या रेकॉर्डला मात्र तोवर मी प्लास्टिकचं कव्हर शिवून घेतलं होतं.

आमच्या गावाला हे तसं नवीन नाही. अल्लादियाखाँसाहेब शाहू महाराजांच्या आश्रयाला इथं राहिले, त्यांची गायकी इथं वाढली, पुतळाही आहे. खाँसाहेबांचा आवाज मात्र कुठंही नाही, त्यांनी रेकॉर्ड दिलीच नाही. त्यांच्या शिष्या केसरबाईंची भैरवी 1977 मध्ये व्हॉयेजर यानातून अंतराळात गेली आणि अजून जातेच आहे. गुरूंचं ऐकायचं तर केसरबाईंत, मोगूबाईंत शोधायचं. खाँसाहेबांनी नाही म्हटलं, तो त्यांचा अधिकार. आज्जी नाही म्हणाली नव्हती.

2019 च्या महापुरात दुकानाच्या उरलेल्या कॅसेट गेल्या, चार पोती चिखल. बेडूक कपाटावर होते, वाचले. या जुलैत एका रात्री लावले. मागच्या मोकळ्या प्लॉटात पाणी साचलेलं, तिथलेही ओरडत होते. आमची ही आतनं म्हणाली, “आत पण बेडूक, बाहेर पण बेडूक. त्यातलं आपल्या हातातलं तेवढं बंद करा.”

गेल्या रविवारी गारगोटीला मावशीकडं गेलो. आज्जीची धाकटी लेक, वय 84. लेकीनं दिलेला बारका रेकॉर्डर पुढ्यात ठेवला. मावशी म्हणाली, “मला काय येतंय रं? सगळं आईला यायचं.” जरा वेळ गप्प बसली. मग सुनेला म्हणाली, “ती परात आण गं इकडं.”