डिबाउन्सची टेस्ट हिरवी, आता कंपोझिशन

सर्चबॉक्सच्या डिबाउन्सची (टायपिंग थांबल्यावर ३०० मिलिसेकंदांनी एकदाच शोधायचं) टेस्ट एकदाची हिरवी, म्हणजे पास झाली. मागच्या वेळी अडलेलं आठवत असेल: फेक टायमर (टेस्टपुरतं खोटं घड्याळ) लावले की यूझर-इव्हेंट या टायपिंगची नक्कल करणाऱ्या लायब्ररीचं 'टाइप' परतच येत नाही आणि ५००० मिलिसेकंदांनी व्हिटेस्ट हा टेस्ट-रनर टाइमआउट देतो.

गोम दोन ठिकाणी आहे. यूझर-इव्हेंट १४ प्रत्येक कीनंतर शून्य मिलिसेकंदांचा सेटटाइमआउट, म्हणजे टायमर, लावून थांबतं. खोटं घड्याळ कुणी पुढं सरकवलं नाही, तर प्रॉमिस लटकतं, म्हणजे कधी पूर्णच होत नाही. त्यासाठी यूझर-इव्हेंटच्या सेटअपमध्ये ॲडव्हान्सटायमर्स (घड्याळ सरकवणारं फंक्शन) द्यायचं. जेस्ट या दुसऱ्या टेस्ट-रनरमध्ये एवढ्यावर भागतं. पण रिॲक्ट टेस्टिंग लायब्ररीही आतून असाच शून्याचा टायमर लावते आणि तो ढकलण्याआधी ग्लोबल 'जेस्ट' आहे का ते बघते. व्हिटेस्टमध्ये ते नसतं, म्हणून 'डिले: नल' करून यूझर-इव्हेंटचं थांबणं बंद केलं तरी टेस्ट लटकलेलीच.

'शुडॲडव्हान्सटाइम: ट्रू' हा नेहमीचा सल्ला मला पटत नाही. टेस्ट सुटते, पण खरा वेळ आत झिरपतो. घड्याळ दर २० मिलिसेकंदांनी आपोआप २० नं पुढं जातं. मग २९९ वर गप्प आणि ३०० वर कॉल ही सीमा भरवशानं तपासता येत नाही. त्यापेक्षा सेटअप फाइलमध्ये ग्लोबल 'जेस्ट' ऑब्जेक्ट ठेवून त्याचं ॲडव्हान्सटायमर्सबायटाइम व्हिटेस्टच्या 'व्हीआय' ऑब्जेक्टमधल्या फंक्शनला जोडलं. जुगाड आहे, पण घड्याळ पूर्ण आपल्या हातात.

आता 'पाऊस' टाइप केलं की प, काना, ऊ, स असे चार बदल. ॲक्टमध्ये (रिॲक्टचे बदल पूर्ण करून घेणारं टेस्टमधलं फंक्शन) घड्याळ २९९ मिलिसेकंद सरकवलं: शोध सुरू करणारं ऑनसर्च शून्य वेळा. आणखी १: एकदाच, 'पाऊस' घेऊन. हे बघायला फार छान वाटतं! ॲक्ट गाळलं तर वॉर्निंग येते आणि डॉममध्ये, म्हणजे पानावर, जुनंच दिसतं. नुसत्या फायरइव्हेंट.चेंजमध्ये (टेस्टिंग लायब्ररीचं थेट इव्हेंट सोडणारं फंक्शन) एकच इव्हेंट सुटतो, त्यामुळे दर कीला टायमर नव्यानं सुरू होतो का, हे कळतच नाही.

पुढं ॲरो-कीज घेणार होतो, पण लिहिताना सुचलं की त्याआधी कंपोझिशन (कीबोर्ड शब्द जुळवत असतो, पण तो अजून पक्का झालेला नसतो ती अवस्था) हवं. लिप्यंतराच्या कीबोर्डवर सुचवलेला शब्द एंटरनं पक्का करतात. त्या एंटरनं सर्च सबमिट होता कामा नये. यूझर-इव्हेंट कंपोझिशनची नक्कल करत नाही, म्हणून फायरइव्हेंटनं कंपोझिशनस्टार्ट, मग इझकंपोझिंग (कंपोझिशन चालू आहे का) ट्रू असलेला एंटरचा कीडाउन. सफारीत कंपोझिशनएंड आधी येतो आणि कीडाउन नंतर, त्यामुळे तिथं इझकंपोझिंग फॉल्स, पण कीकोड २२९, ही की शब्द जुळवण्यात वापरल्याची खूण. म्हणजे टेस्ट दोन, आणि कंपोनंटमध्ये दोन्ही अटी.