ग्रोटनसमोर अर्धा तास

आज ऑफिसातून जरा लवकर सटकले आणि ऑस्लोच्या राजवाड्याच्या बागेत ‘ग्रोटन’समोर जाऊन उभी राहिले. हे घर सरकार एखाद्या कलावंताला मानाने राहायला देतं. सध्या तिथे नोबेलवाले लेखक योन फॉस्से असतात, पण मी गेले होते आर्ने नूर्डहाइमसाठी. हा संगीतकार १९८२ मध्ये इथे राहायला आला.

रशियन लेखक सोल्झेनित्सिनच्या ‘इव्हान डेनिसोविच’ या कादंबरीवरचा १९७० चा सिनेमा मागे पाहिला होता. सैबेरियातली छावणी म्हणून नॉर्वेतलंच र्‍योरोस दाखवलंय, आणि संगीत नूर्डहाइमचं. तेव्हापासून नाव डोक्यात बसलं.

कानात हेडफोन होतेच. याची चाल गुणगुणायला जाल तर हाती काही लागत नाही! लांबलचक सूर, घंटेसारखे आवाज, मधेच माणसाचा गळा, पण शब्द विरघळलेले. साठच्या दशकाच्या शेवटी तो वॉर्साला, पोलिश रेडिओच्या प्रयोगशील स्टुडिओत जाऊन टेप कापत-जोडत बसायचा. ओसाकाच्या १९७० च्या जागतिक प्रदर्शनासाठी त्याने वेगवेगळ्या लांबीच्या सहा टेपांची वेटोळी एकाच वेळी फिरत ठेवली. तोच मेळ पुन्हा जुळायला म्हणे १०२ वर्षं लागतील. (आमच्याकडे गणपतीत तीच कॅसेट दर चाळीस मिनिटांनी पुन्हा लागायची, ते आठवून एकटीच हसले.)

मग आईचा फोन आला. “मागे कसला गं आवाज?” म्हटलं, संगीत आहे. “बरं,” म्हणाली, “आधी टोपी घाल.”